शालूबाईंची चटणी आणि शिवानीची नजर

संयोगितानं म्हणे आपल्या नऊ वर्षांच्या पोरीला, शिवानीला, गगनबावड्याला कुणा बुवाकडं तीन दिवस ठेवलं आणि पोरगी तिथनं नजरेची विद्या शिकून आली! गल्लीत ही बातमी इतकी फिरली, की मलाच ती तिघींनी तिखटमीठ लावून सांगितली. साफ खोटं. गगनबावड्याला सिनेमाचं शूटिंग होतं. मीही गेले होते. गर्दीत उभं राहायचं आणि फुकट जेवायचं, एवढंच माझं काम. बुवा कसला, दिग्दर्शक होता, आणि तो जळवांच्या भीतीनं खुर्चीवर पाय घेऊन बसला होता.

सिनेमात शिवानीला एकच काम. बघायचं. ती बघते आणि काचेचा ग्लास पडून फुटतो. बघते आणि मास्तरांच्या नाकातनं रक्त. शेवटी नुसती बघते आणि तिचा काका विहिरीत. खरं तर ग्लास दोऱ्यानं ओढून पाडायचे, आणि दर वेळी शिवानी फिस्सकन हसायची. संयोगिता कॅमेऱ्यामागनं तिला दम द्यायची.

ही संयोगिता आमच्या गल्लीत मिरची कांडपाचं मशीन चालवते. मशीन सासऱ्याचं. "बाईमाणसाचं काम न्हाय हे," म्हणायचे. मग त्यांचा हात मोडला आणि त्या उन्हाळ्यात अख्ख्या पेठेची वर्षाची चटणी हिनं कुटली. तेव्हापासून हात कोपरापर्यंत लाल, आणि मशीनच्या वर आवाज काढायची इतकी सवय, की तब्येत विचारली तरी भांडण काढल्यासारखं वाटतं. शाळा सुटली की शिवानी तिच्यासमोर पाटावर बसून गृहपाठ करते.

सिनेमा लागला ऐन चटणीच्या दिवसांत. गल्ली झाडून बघून आली, टाळ्या पिटल्या. आणि तीन आठवड्यांनी गल्लीतल्या शालूबाईंच्या डब्यातल्या कांदा-लसूण चटणीला बुरशी आली.

"कुटताना ती पोरगी टक लावून बघत हुती," शालूबाई म्हणाल्या. झालं! बायका पोरांना घरात ओढायला लागल्या. मीपण कमी नाही. "शिवानी, माझ्याकडं बघू नको गं, टीव्ही नवा हाय," म्हणाले आणि एकटीच हसले. त्यानंतर ती पोर समोरनं कुणी आलं की डोळे मिटून भिंतीला चिकटायला लागली. ते बघितलं आणि माझीच मला चीड आली.

रविवारी शालूबाई डबा घेऊन कांडपावर आल्या. सोबत तरुण मंडळाचा अध्यक्ष विजयसिंह. इंजिनिअर झालेला गडी. पण मनगटावर काळा दोरा नवा बांधलेला.

"पोरगीला गडहिंग्लजला आज्जीकडं धाडा," शालूबाई म्हणाल्या. "शाळा बी तिकडंच घाला."

संयोगितानं मशीन बंद केलं. पाटावर शिवानी डोळे घट्ट मिटून बसली होती. संयोगितानं डबा घेऊन त्यात हात घातला, एक गोळा चिमटीत दाबला. तो ओला होता.

"कांदा कुणी भाजला?"

शालूबाई पदर सारखा करायला लागल्या. मग मीच तोंड उघडलं. कांदा आम्ही दोघींनी भाजला होता. कुरकुरीत होईस्तोवर परतायला हवा होता; पण चटणी कुटून घेऊन तीनचा शो गाठायचा होता. याच सिनेमाचा! "चालतंय की, शालूबाई," म्हणून पाणी राहिलेला मऊ कांदा मीच कढईतनं उतरवला.

"कांद्याचं काय घिऊन बसलाय, वैनी!" शालूबाई माझ्यावर उखडल्या. "आजवर कवा बुरशी आलीया का?"

"आजवर कवा पिच्चरला पळालतासा का?" मी म्हटलं.

विजयसिंह खाली बघत पुटपुटला, "तसं काय न्हाय, संयोगिताकाकू. पण लोकांच्या मनात भ्या हाय. थोडं दिवस पोरगीला बाहेर ठेवलं तर..."

गल्लीचा मला राग होताच, पण त्या क्षणी सगळ्यात जास्त राग या शहाण्याचा आला. शालूबाईंना निदान खरंच भीती वाटत होती. याला सगळं कळत होतं, आणि तरी हा पोरीलाच घराबाहेर काढायला आला होता.

संयोगितानं डबा शालूबाईंच्या हातात दिला. मग शिवानीची हनुवटी धरून मान वर केली आणि म्हणाली, "डोळं उघड, शिवा. माझी पोरगी कुठंबी जाणार न्हाय. ती हितंच बसंल आणि सगळ्यांकडं बघंल. ज्याला भ्या वाटतंय, त्यानं आपली मिरची घरात खलबत्त्यात कुटावी."