पळसाच्या पानातली करवंदं

मैत्रिणींनो, आज सकाळी मी खोटं बोलले. अजून टोचतंय.

आमच्याकडे बोईसरला कामाला येणाऱ्या कमलताईंनी काल माझ्या मुलांसाठी त्यांच्या डोंगरावरची करवंदं आणली, पळसाच्या पानांत बांधून. मी बिया काढून ती साखरेत मंद आचेवर शिजवली आणि आज नाश्त्याला आलेल्या पाहुण्यांना टोस्टवर वाढली.

नवऱ्याच्या साहेबांच्या बायकोने विचारलं, "कुठली बेरी ही?"

"बाहेरच्या देशातली आहे, ऑनलाइन मागवली," मी म्हणाले.

कमलताई ओट्यापाशीच होत्या. त्यांनी तिथली पळसाची पानं गोळा करून आपल्या पिशवीत कोंबली. हळूच म्हणाल्या, "पावने हायत ना ताई, पानं दिसतील. मी नेते."

उद्या आठ वाजता त्या येतील. दार उघडून मी पहिलं काय बोलू?