दोरे मी कापले, दादाने नाही

माझ्या भावाबद्दल ज्यांना काही बोलायचं असेल त्यांनी आधी हे सगळं वाचावं. मग बोलावं.

माझा दादा आमच्या दुकानांच्या रांगेत जिन्याखाली बसायचा. मोबाइलच्या वायरी विकायचा. जागा केवढी, तर एक दार आडवं टाकलं की भरेल एवढी. उभं राहिलं की डोकं पायरीला लागायचं, म्हणून तो उभाच राहायचा नाही, गिऱ्हाईक कितीही मोठं असो. लोक म्हणायचे गर्विष्ठ आहे. गर्विष्ठ होताच, पण त्याचं कारण वेगळं.

आधी तो वायरींच्या कारखान्यात पाकिटं भरायचा. अकरा वर्षं भरली. एक दिवस साहेब म्हणाला, ज्या वायरींनी फक्त चार्जिंग होतं त्या पण फोटो-फाइली जातात असं छापलेल्या पाकिटात भरा, बाहेरून सारख्याच तर दिसतात, कुणाला कळतंय. दादा म्हणाला, मला कळतंय ना. आणि भर दुपारी घरी आला, डबा तसाच भरलेला. वहिनीने विचारलं, बरं वाटत नाही का. तर म्हणाला, बरं वाटतंय म्हणूनच आलो.

असा माणूस. त्याला चोर म्हणतात.

मग त्याने जिन्याखाली बस्तान मांडलं. वायरींचे त्याने दोन भाग केले होते, मुकी आणि बोलकी. त्याचं म्हणणं, वायरीच्या पोटात बारीक तारा असतात. दोन तारांतून वीज जाते आणि बाकीच्या तारांतून फोनमधलं सगळं कॉम्प्युटरला जातं, फोटो म्हणा, कागद म्हणा. मुकीत फक्त विजेच्या तारा घालतात, स्वस्त पडतं म्हणून. ती फोनचं पोट भरते, बोलत नाही. तोंड दोघींचं सारखंच असतं, त्यामुळे बघून काही कळत नाही. पण मुकीला तो नावं ठेवायचा नाही. म्हणायचा, परक्या जागी फोन चार्जिंगला लावायचा असेल तर मुकीच न्या, तुमच्या फोनमधलं कुणाला काही मिळायचं नाही. फक्त मुकी आहे असं सांगून विकली पाहिजे, बास.

नवीन गिऱ्हाईक आलं की पहिला प्रश्न, पोट भरायचंय की बोलायचंय? माणसं दचकायची. एक बाई म्हणाल्या, बोलायचंय हो, पण घरी ऐकतंय कोण. दादा त्या दिवशी संध्याकाळपर्यंत हसत होता.

प्रत्येक वायर तो आपल्या जुन्या लॅपटॉपला लावून बघायचा. फोन जोडल्यावर लॅपटॉप टुंग वाजला तर बोलकी, नाही वाजला तर मुकी. मग तिच्या मानेला दोरा बांधायचा. मुकीला लाल, बोलकीला निळा. जी जाड असते आणि फोन भरभर चार्ज करते तिला दोन निळे.

हे सगळं मला आता माहीत आहे. तेव्हा माहीत नव्हतं. दोरा मात्र माझ्याच डब्यातला जायचा. मी घरी कपडे दुरुस्त करते, चेन बसवते, पँटा आखूड करते. दादा यायचा आणि रीळ उचलून न्यायचा. मी भांडायची, निळा संपवलास, आता गिऱ्हाइकाची पँट काय हिरव्याने शिवू? तो म्हणायचा, शीव की, खाली बघून कोण चालतं. मला वाटायचं वायरी गुंडाळून बांधायला नेत असेल. एकदाही विचारलं नाही, कशाला लागतो रे तुला एवढा दोरा.

एका मंगळवारी सकाळी छातीत दुखतंय म्हणून दवाखान्यात गेला. परत आला नाही. त्याच्यावर मी जास्त लिहिणार नाही.

समोर काचेच्या दाराचं मोठं मोबाइलचं दुकान आहे, त्याच्या मालकाला सगळे काचवाला म्हणतात. त्याने वहिनीला निरोप पाठवला की माल मला देऊन टाका, चौथी शिकलेल्या नणंदेला बसवून काय करणार, तिला वायरीतलं काय कळतंय. मी निरोप उलटा पाठवला. म्हटलं चौथी नाही, सहावी. आणि माल द्यायचा नाही.

पहिल्या दिवशी मी दुकान झाडून काढलं. वायरी बघितल्या तर प्रत्येकीच्या मानेला दोऱ्याची टोकं लोंबतायत. आमच्या कामात सुटा दोरा म्हणजे काम अर्धवट. गिऱ्हाइकाच्या हातात कपडा देण्याआधी मी दोरे कापते, हात आपोआप जातो. तसाच गेला. पेटीतले सगळे दोरे कातरले, वायरी पुसल्या, गोल गुंडाळून ठेवल्या. खाली लाल-निळा ढीग पडला तो झाडून टाकला. वहिनी बघायला आली आणि म्हणाली, छान दिसतंय, त्यांना आवडलं असतं. ते वाक्य मला अजून टोचतं.

अकरा दिवस मी विक्री केली. बाराव्या दिवशी फोटोवाला आला. त्याने एका शाळेच्या सगळ्या मुलांचे ओळखपत्राचे फोटो फोनवर काढले होते आणि ते कॉम्प्युटरवर घ्यायला आदल्या दिवशी माझ्याकडून वायर नेली होती. कॉम्प्युटरला फोन दिसेना. तो काचवाल्याकडे गेला. काचवाला दुसरी वायर लावून न बघताच म्हणाला, असल्या वायरीने फोनच बिघडलाय, सगळं पुसून नव्याने चालू करावा लागेल, फोटो गेले समजा. मग हा तरातरा माझ्याकडे. शेजारी न्हावी, पलीकडे चष्मेवाला, दोघांकडे माणसं बसलेली. सगळ्यांच्या देखत वायर माझ्या पुढ्यात आपटली.

"मेलेल्या माणसाच्या नावावर कचरा विकताय," म्हणाला. "तो तरी काय वेगळं करत असेल म्हणा."

 आणि परत समोर काचवाल्याकडे शिरला.

मी घरी गेले. वहिनी म्हणाली, जाऊ दे ताई, त्याला दुसरी वायर द्या, लोक विसरतात. मी म्हटलं, मला विसरतील गं, पण दादा असाच लक्षात राहील.

मशीनपाशी बसले. फोन तिथेच चार्जिंगला होता, दादानेच दिलेल्या वायरीवर. तिच्या मानेला लाल दोरा. तीन वेढे आणि वर गाठ, मी बटणाला घालते तशी. माझीच बघून शिकला असणार. आणि मला त्याचं बोलणं आठवलं. मागच्या वर्षी मी म्हटलं होतं, लेकीचे फोटो कॉम्प्युटरवर घ्यायचेत. तर म्हणाला, "ही मुकी आहे गं, दुकानात ये, निळी देतो." मी गेलेच नाही. कामं होती.

तेव्हा कळलं दोरे कशाचे होते. आणि कुणी कापले.

गप्प बसता आलं असतं. वायर खराब निघाली म्हणायचं, बनवणाऱ्याचा दोष, मामला मिटला. पण ज्या गोष्टीसाठी माझ्या भावाने अकरा वर्षांची नोकरी सोडली तीच गोष्ट त्याच्या नावाला चिकटणार, तीही माझ्या कात्रीने. ते मी होऊ देणार नव्हते.

दुकानात गेले, न्हाव्याला विचारलं, दादा वायरी तपासायचा कशा, तर म्हणाला, लॅपटॉपला फोन लावून, टुंग वाजला की बोलकी. वायरींची पेटी कमरेवर घेतली, लॅपटॉप काखेत मारला आणि थेट काचवाल्याच्या दुकानात शिरले. फोटोवाला तिथेच होता. त्याचा फोन काचवाल्याच्या हातात, पडद्यावर विचारत होतं, सगळं पुसायचं का. मी फोनवर तळहात ठेवला.

"थांबा," म्हटलं. "वायर मुकी होती. मी विकली. दादाने ओळखायला दोरे बांधले होते, ते मी कापले. चूक माझी आहे, त्याची नाही. बोलकी सापडेपर्यंत हा फोन कुणी पुसायचा नाही."

काचवाला गिऱ्हाइकांकडे बघून हसला. "म्हणजे आता एकेका वायरीला विचारणार का, बाई गं बोलतेस का?"

"हो. तेच विचारणार."

त्याच्याच काचेवर लॅपटॉप उघडला. फोटोवाल्याचा फोन घेतला आणि पहिली वायर लावली. फोनवर विजेची खूण आली, लॅपटॉप गप्प. बाजूला ठेवली. दुसरी गप्प. तिसरी गप्प. माणसं जमली. सहाव्या वायरीला काचवाला म्हणाला, माझी गिऱ्हाइकं अडतायत. मी म्हटलं, उभी राहू द्या, शिकतील. नववी, दहावी. मनात म्हटलं, दादा, एक तरी बोलकी हाताला लागू दे रे.

अकरावीला लॅपटॉप वाजला. टुंग.

फोनवर प्रश्न आला, फक्त चार्जिंग करायचं की फाइली द्यायच्या. फोटोवाल्याने फाइलींवर बोट ठेवलं आणि मुलांचे चेहरे ओळीने उतरायला लागले. एकाचे डोळे मिटलेले, एक दात पडलेली पोर हसतेय. फोटोवाला स्टुलावर बसला. हळूच म्हणाला, "तुमच्या भावाबद्दल मी जे बोललो..."

"मला नका सांगू," मी म्हटलं. "जिथे बोललात तिथे उभं राहून सांगा."

गेला आणि सांगितलं. न्हाव्यासमोर, चष्मेवाल्यासमोर, त्याच बाकावरच्या माणसांसमोर. आवाज बारीक होता. न्हावी म्हणाला, मशीन चालू होतं, नीट ऐकू आलं नाही, परत सांगा. त्याने परत सांगितलं. काचवाला काउंटर पुसत राहिला. मी त्याच्याकडे बघायला थांबले नाही.

मग पेटीतली एकेक वायर मी पुन्हा लावून बघितली. लाल, निळा, लाल, लाल. दोन निळे कुठल्या वायरीला बांधायचे ते कळायला चार्जर आणि वायरीच्या मधे लावायचं दादाचं छोटं मीटर होतं, ते वाचायलाही शिकले, आकडा मोठा दिसला की वायर दमदार. जिन्याच्या पायरीला पांढरा कपडा टांगलाय, त्यावर मशीनने काढलंय, लाल म्हणजे फक्त चार्जिंग, निळा म्हणजे फोटो-फाइली पण. आता कुणाला फसायचं असेल तर त्याने डोळे मिटून यावं.

राहिली एक गोष्ट, त्यासाठीच हे लिहिते. त्या अकरा दिवसांत मी सात जणांना वायरी विकल्या. सहा सापडले, त्यांच्या वायरी तपासून दिल्या, ज्यांच्या चुकल्या होत्या त्यांना बदलून दिल्या. सातवा सापडत नाही. उजव्या हाताला प्लास्टर होतं, पांढरी लांब वायर नेली, म्हणाले वडिलांच्या आवाजाची रेकॉर्डिंग फोनमधून काढून ठेवायचीय. भाऊ, तुम्ही हे वाचत असाल तर ऐका. कॉम्प्युटरला तुमचा फोन दिसत नसेल तर फोन कुणालाही पुसू देऊ नका. आधी माझ्याकडे आणा. कदाचित तुमची वायर मुकी असेल, आणि तो दोष माझा आहे, माझ्या भावाचा नाही.

जिन्याखाली बसते. तुम्ही आलात तरी मी उभी राहणार नाही, डोकं पायरीला लागतं. गर्विष्ठ आहे असं कुणी म्हटलं तर म्हणू दे.