जबानीतला एक काना

ती घटना आठवली की आजही मान खाली जाते. नोकरीतल्या शाबासक्या मी पुष्कळांना ऐकवल्या. ही हकिकत घरातही सांगितली नाही.

त्या वर्षांत विलायतेत आमच्या वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला होता. अमरावती ते अकोला रस्त्यावर गाड्यांची रांग तुटत नसे, आणि राखणीला आमचे घोडेस्वार असत. मी अकोल्याला फौजदार होतो. स्वारांसाठी नवी आखूड कराबीन आली. ती पारखून रिपोर्ट लिहिण्याचं काम साहेबांनी माझ्यावर सोपवलं.

बंदूक दिसायला देखणी होती. खोगिराला अडकवली तरी मांडीला टोचत नसे, भरायला खाली उतरावं लागत नसे. पन्नास पावलांवरचं मडकं फुटे, शंभरावर मात्र गोळी भरकटे. खांद्याला धक्का जबर, आणि दहा बारांनंतर नळीत काजळी धरे. हे सगळं मी इमानाने लिहिलं. एकच गोष्ट गाळली. बार पेटवणाऱ्या दारूच्या टोपीवर आदळणाऱ्या लोखंडी हातोडीला आम्ही बंदुकीचा घोडा म्हणतो. तो अर्ध्यावर अडकवलेला असताना बंदुकीचा लाकडी दस्ता जमिनीवर आपटला आणि चाप न ओढताच बार झाला. पण साहेब तोवर 'बहुत अच्छा' म्हणून बसले होते. मी लिहून दिलं, 'चाप ओढल्याशिवाय बार होत नाही.'

दोन महिन्यांनी एक गाडीवान धापा टाकत चौकीत आला. त्याचा सोबती आमच्या एका स्वाराच्या गोळीने जागीच मेला होता. रस्ता देण्यावरून दोघांची तोंडातोंडी झाली होती, हेही त्यानेच सांगितलं. मग म्हणाला, "घोडा पडला अन् बार झाला, सायेब. मले तं एवढंच दिसलं."

मी जबानीत लिहिलं, 'घोडा पाडला अन् बार झाला.' एक काना वाढला आणि ठेचकाळलेलं जनावर कागदावरून गेलं. उरला बंदुकीचा घोडा, तोही मुद्दाम पाडलेला. गाडीवानाला वाचता येत नव्हतं. त्याने अंगठा उठवला.

स्वाराला मी दोन दिवस उभा ठेवून विचारलं. त्याचं उत्तर बदललं नाही.

"भेगीत पाय जाऊन घोडा गुडघ्यावर पडला, सायेब. बंदूक खोगिराले होती. म्या हातबी नाही लावला."

"ही बंदूक आपोआप उडत नाही. मी स्वतः पारखली आहे."

"तुमी पारखली म्हनूनच तं तुमाले सांगून राहिलो."

ते मला फार झोंबलं. मी त्याला आणखी एक दिवस उभा ठेवला. त्याच्या घोड्याचे सोललेले गुडघे मी पाहिले होते. पंचनाम्यात ते घेतले नाहीत.

कचेरीत जबानी वाचली गेली तेव्हा गाडीवान माझ्याजवळ कुजबुजला, "म्या पडला म्हनलं होतं."

"एकच ते," मी म्हणालो.

स्वाराला सात वर्षं सक्तमजुरी झाली.

पुढच्या उन्हाळ्यात परेडीवर एक घोडा ठेचकाळला आणि खोगिराची कराबीन साहेबांच्या देखत उडाली. कोणी जखमी झालं नाही. मी तातडीने दुसरा रिपोर्ट लिहिला, सगळ्या बंदुका परत गेल्या, आणि दक्षतेबद्दल मला शाबासकी मिळाली. त्या स्वाराची आठवण कोणी काढली नाही. मीही काढली नाही. काढली असती तर पहिला रिपोर्ट आणि ती जबानी दोन्ही बाहेर आली असती आणि माझी नोकरी गेली असती. एवढ्यासाठी मी त्याला तुरुंगात राहू दिलं.

सुटल्यावर तो मला अमरावतीच्या बाजारात भेटला. पाठीवरचं पोतं खाली ठेवून त्याने मला सलाम केला. लाजेने मला तो घेताही आला नाही.

"त्या बंदुका वापस गेल्या म्हन्तेत, सायेब?"

"हो."

"बरं झालं. दुसरा कोनी अडकला नाही मंग." पोतं उचलून तो गेला.

आरोपी खोटं बोलतात, हे मी नोकरीच्या पहिल्याच वर्षी शिकलो होतो. स्वतःचं एक वाक्य खरं ठरवण्यासाठी फौजदार काय काय करू शकतो, ते या खटल्याने शिकवलं. आता पेन्शनीत बसून एवढं तरी लिहून ठेवतो: गाडीवान 'पडला' म्हणाला होता. काना माझा होता.