झरवणकर काकांचा मुका दिवस

काकांनी कशालाही हो म्हटलं की मी लगेच त्यांच्या कुंपणाच्या भिंतीकडे बघायची. भिंतीवर तांब्या पालथा घातलेला असला तर त्या होकाराला काही अर्थ नसे. तो मुका दिवस. मुक्या दिवशी दिलेला शब्द बांधत नाही, असा झरवणी लोकांचा कायदा होता. आणि झरवणी लोक जगात कुठेच नव्हते. काकांनी ते साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर, उसाच्या गाड्यांची वाट बघता बघता मनाने रचले होते. त्यावरूनच आम्ही त्यांना झरवणकर काका म्हणायचो.

आमची गल्ली राहुरीत, पाटाच्या कडेला. गल्लीत हळदीकुंकू असो की बारसं, कामं वाटून द्यायची माझ्याकडे. खुर्च्या कोण आणणार, आचाऱ्याला कोण सांगणार, हे मी आठवडाभर आधी लिहून काढते. अशा बाईला पालथ्या तांब्याचा माणूस परवडत नाही. "मांडवाचं मी बघतो, ताईसाहेब," असं काका म्हणाले की मी गुपचूप दुसराही माणूस सांगून ठेवायची.

झरवणी सालात महिने चारच. पेरता, राखता, काढता आणि बसता. काम उरकल्याशिवाय महिना सरत नाही. ऊसतोड लांबली की काका म्हणायचे, "काढताच चाललाय अजून. टोळी आली न्हाई, तर महिना कसा बदलंल?" शेवटच्या बसत्यात कोणी कामावर जायचं नाही, घरात एकमेकांजवळ बसायचं. त्यांची ज्योती लहान असताना तिची आई गेली. कारखान्याचा हंगाम संपला की काका ज्योतीला सांगायचे, आता बसता लागला, आता मी कुठं जात न्हाई. बाकीच्या सालाचं मला ठाऊक नाही, पण हा महिना तिच्यासाठीच काढला असणार.

मुक्या दिवसाबद्दल मात्र माझा संशय कधी गेला नाही. पहाटे पाटावर भेटलेला पहिला माणूस न बोलता पुढे गेला, तर तो दिवस मुका. काकांनी घरी येऊन तांब्या पालथा घालायचा. पण भेटलेला माणूस कोण, हे फक्त काकांना माहीत.

"आज गटारसफाई आणि नेमका आजच मुका?" मी एकदा दारात जाऊन विचारलं.

"मी काय करू? तुमचंच मिस्टर भेटलं. तोंडात ब्रश हुता."

एवढं बोलून ते फावडं घेऊन माझ्या पुढे चालायला लागले. "शब्द न्हाई दिला म्हून काम करू न्हाई, असं कुठं हाय?"

ज्योती शेतकीच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाला असताना नेवाशाकडचं स्थळ आलं. शेती बागायती, मुलगा नीटनेटका. ज्योतीही हो म्हणाली. चार लोकांसमोर सुपारी फुटली, म्हणजे लग्न ठरलं. मग तिकडून निरोप आला, आता शिक्षण बंद. सुनेनं परीक्षेला गेलेलं आमच्यात चालत नाही. ज्योती माझ्या स्वयंपाकघरात येऊन बसली. "मावशी, मी नाही म्हटलं तर अण्णांना काय काय ऐकावं लागेल?" तिने विचारलं. सुपारी फुटल्यावर मुलीने मोडलं, तर लोक मुलीतच खोट काढतात.

पाहुणे लग्नाची तारीख धरायला आले. चहा देण्याचं काम माझ्याकडे होतं.

"मग पाव्हणं, मार्गशीर्षात बार उडवून टाकू," मुलाचे चुलते म्हणाले.

"कशाचा बार? सुपारीच्या दिवशीचा शब्द धरायचा न्हाई," काका शांतपणे म्हणाले. "त्यो दिवस मुका हुता."

"मुका म्हंजी?"

"झरवणी सालात असतो."

"हे झरवण कुठं आलं? तालुका कोणता?"

काकांनी पेरत्यापासून सुरुवात केली. ते राखत्यापर्यंत आले तोवर मुलाची आई उठून उभी राहिली होती. "चला. येड्याच्या घरात सोयरीक नको." कपबशा तशाच राहिल्या. ज्योतीबद्दल कोणी एक शब्द काढला नाही.

मी मात्र पेटले होते. सुपारीच्या सकाळी हारांची पाटी मी स्वतः त्या भिंतीवर टेकवली होती. तिथे तांब्या नव्हता. संध्याकाळी मी काकांना गाठलं.

"पाटावर कोण भेटलं होतं त्या दिवशी?"

"दूधवाला. लई बोलला. म्हशीपासून सरकारपर्यंत."

"म्हणजे खोटं बोललात. सरळ सांगायचं, पोरीला शिकायचंय."

"मग पोरगी वाईट ठरली असती. आता बाप येडा ठरला."

"वेड्याच्या पोरीलाही स्थळं येत नाहीत, काका."

"नकोत. पेपर तर दील."

मी जायला निघाले, तेव्हा ते म्हणाले, "झरवणी लोक खोटा मुका दिवस सांगत न्हाईत, ताईसाहेब. मी सांगितला. आता त्यांच्यात जायला मला तोंड न्हाई."

हेही नाटकच, असं मला वाटलं. येता-जाता मी भिंतीवर नजर ठेवली. तांब्या पुन्हा दिसला नाही. टोळी आली, ऊस गेला. गल्लीतल्या पोरांनी विचारलं, "काका, काढता संपला का?" काका त्यांना इंग्रजी महिना सांगून आत गेले. लोक त्यांना आता उघड वेडा म्हणत होते, आणि नेमके आताच ते चारचौघांसारखे वागत होते.

ज्योती पास झाली. परभणीकडे नोकरी लागली आणि ती वडिलांना घेऊन निघाली. सामानाची बांधाबांध मीच करवली. टेम्पोत काका आधी चढले. ज्योती त्यांच्याशेजारी बसली आणि हळूच म्हणाली, "अण्णा, पेरता लागला असेल ना?"

"जून हाय," काका म्हणाले. "दार नीट लाव."

तिने दार लावलं. टेम्पो पाटाच्या पुलावर चढला तेव्हा ती त्यांच्याकडे बघत होती आणि ते समोर रस्त्याकडे.