आमच्या साडूचं मोजमाप

अख्ख्या वऱ्हाडात ज्याच्यावर जळावं असा एकच माणूस आहे, आणि तो नेमका माझा साडू निघावा याला मी नशीबच म्हणतो. तो श्रीमंत नाही. दिसायला म्हणाल तर बाभळीचं खोड, त्यात शर्टाचं एक बटन कायम चुकीच्या काजात. अकोल्याच्या एका ज्युनिअर कॉलेजात तो फिजिक्स शिकवतो. मीही फिजिक्सच शिकवतो, पण अमरावतीला, एमएस्सीच्या वर्गाला, आणि तेही विभागप्रमुख म्हणून. म्हणजे जळायचंच असेल तर त्यानं माझ्यावर जळायला पाहिजे की नाही? पण छे! माझं घर, माझी बढती, माझ्या पोरीचे मार्क, सगळं ऐकून हा मनापासून खूश होतो. अशा माणसाचं काय करायचं सांगा.

माझ्याकडे फिजिक्सची सगळी उत्तरं आहेत. त्याच्याकडे फक्त एक प्रश्न आहे. इलेक्ट्रॉन मोजला नाही तोवर तो इथंही असतो आणि तिथंही, सगळ्या शक्यता एका घरात नांदत असतात. मोजला की एकच उरते, बाकीच्या गायब. याला आम्ही वेव्ह फंक्शन कोलमडणं म्हणतो, फळ्यावर समीकरण लिहितो आणि पुढच्या धड्याला लागतो. साडू मात्र जन्मभर तिथंच अडून बसलाय, रस्त्यात बसलेल्या म्हशीसारखा. मोजलं की कोलमडतं हे ठीक, पण मोजलं म्हणजे नेमकं काय झालं? यंत्रानं मोजलं तर चालतं, का माणसानंच पाहायला पाहिजे? आणि समीकरणात जर कोलमडणं कुठंच लिहिलेलं नाही, तर ते येतं कुठून? हे प्रश्न परीक्षेला येत नाहीत, म्हणून मी कधी त्यांच्या वाटेला गेलो नाही.

हा प्रश्न त्यानं नुसता डोक्यात ठेवला असता तरी मी सहन केलं असतं. पण तो संसारातही आणला. त्याच्या स्कूटरच्या टाकीत पेट्रोल किती आहे हे तो कधीच बघत नाही. साहजिकच अमरावतीला येताना मूर्तिजापूरच्या अलीकडे ती बंद पडते आणि भर उन्हात ढकलावी लागते. एकदा मी चिडून म्हटलं की अहो, तो नियम इलेक्ट्रॉनचा आहे, स्कूटरचा नाही. त्याचे डोळे असे चमकले, जणू मीच त्याला उत्तराचा पत्ता सांगितला. "तेच त म्हनून राहिलो मी भाऊ! स्कूटर बी इलेक्ट्रॉनचीच बनली न? मंग त्याले लागू हाय त इले कावून नाही? रेघ ओढाची कोठं?" घामाघूम होऊन आलेला माणूस, पाणी प्यायचं सोडून माझ्या अंगणात रेघ शोधत बसला. आणि माझी बायको, जी मला उशीर झाला तर दार उघडताना आधी तोंड उघडते, ती त्याच्यासाठी लिंबाचं सरबत घेऊन कौतुकानं उभी.

तिचं दुःख मला ठाऊक आहे. मी तिला बघायला गेलो तेव्हा रीतीप्रमाणे चालून दाखवा म्हटलं होतं, सुईत दोरा ओवायला लावला होता, पुरणपोळीत जायफळ किती घालता तेही विचारलं होतं. साडू तिच्या धाकट्या बहिणीला बघायला आला तो सगळा वेळ भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत बसला. सासऱ्यांनी शेवटी विचारलंच, की पोरगी पाहायला आले न तुमी? तर म्हणाला, "मी पायलं का त्या पायल्यासारख्या वागतील. जशा हायेत तशा मले दिसनारच नाही." सासरे हबकले. पोरगी मात्र आत जाऊन आईला म्हणाली, करीन तर हाच. ते ऐकल्यापासून माझ्या घरात जायफळाचा विषय निघाला की मी पेपर तोंडासमोर धरतो.

मधल्या काही वर्षांत तर पेपर धरायचीही चोरी होती. कापसाचे भाव पडलेले, पहिल्या पानावर रोज शेतकऱ्याची आत्महत्या आणि एखाद्या गावाचं नाव, आणि दिल्ली-मुंबईची पथकं यायची, गाड्यांतून उतरून मोजून जायची. साडू म्हणायचा, मोजनं झालं, पाहनं कधी होईन? त्याच सुमारास त्यानं आपला बारावीचा वर्ग कापूस खरेदी केंद्रावर नेला. तिथली पद्धत अशी की कापसाच्या बैलबंड्यांची रांग लागायची, ग्रेडर येऊन गंजीत हात घालायचा, मूठभर कापूस ओढायचा आणि ग्रेड सांगायचा. भाव त्यावर. साडूला वाटलं, यापेक्षा चांगला धडा कुठं मिळेल? पोरांना म्हणाला, ग्रेडरनं हात घालेस्तोवर हा कापूस साऱ्याच ग्रेडचा आहे असं समजा. झालं! शेजारी बंडीवर बसलेल्या तेल्हाऱ्याकडच्या एका चाचांनी हे ऐकलं आणि ग्रेडर खालचा ग्रेड देताच उभे राहिले. "हे मास्तर सायब इतके शिकलेले, थे सांगून राहिले का माहा कापूस साऱ्याच ग्रेडचा हाय. मंग तुमाले खालचाच कावून सापडला?" मागच्या बंड्यांवरची माणसं उतरली. सगळ्यांना तोच प्रश्न पडला. ग्रेडर म्हणे ग्रेड कापसातच असतो, मी फक्त ओळखतो. चाचा म्हणत, मंग काल माह्या भावाच्या त्याच वावरातल्या कापसाले वरचा कसा? साडू मधे उभा, भांडण सोडवायचं सोडून दोन्ही पक्षांचे मुद्दे पोरांना समजावून सांगतोय. अखेर ग्रेडरनं चिडून दुसऱ्यांदा हात घातला आणि वरचा ग्रेड देऊन टाकला. त्या वर्गातलं एकही पोरगं मेजरमेंट प्रॉब्लेम विसरलेलं नाही. मी तोच धडा तीन फळे भरून शिकवतो आणि पोरं विचारतात, सर, हे येते काय परीक्षेत?

इथवरही मी सोसलं असतं हो. पण माझी पोरगी, मुक्ता, माझ्याच विभागात एमएस्सीला, माझ्याच वर्गात पुढच्या बाकावर बसणारी, दर शनिवारी बडनेऱ्याहून गाडी धरून अकोल्याला जायला लागली. मावसाजीकडे, म्हणजे या साडूकडे. त्यांना मूलबाळ नाही, तेव्हा मावशीला सोबत होते असं सांगायची, पण परत आली की डोळ्यांत तो प्रश्न असायचा. मी तिच्यासाठी सगळं ठरवून ठेवलं होतं: बी.एड. करायचं, आमच्याच कॉलेजच्या ज्युनिअर विभागात लागायचं, सकाळी बापलेकींनी एका स्कूटरवर जायचं. ती मात्र रिसर्चला बेंगळुरूला जायचं म्हणू लागली. माझी पोरगी माझ्या उत्तरांना सोडून त्याच्या प्रश्नामागं चालली होती.

मग मी एक युक्ती केली. विज्ञान मंडळाच्या उद्घाटनाला साडूलाच बोलावलं. हॉल भरलेला, मुक्ता दुसऱ्या रांगेत. तो बोलला छान, हे मान्य करायला मला त्रास होतो. संपल्यावर मी उठलो आणि सगळ्यांसमोर विचारलं, की सर, इतकं सांगितलंत, आता मोजणं म्हणजे नेमकं काय ते एका वाक्यात सांगा. मला माहीत होतं, त्याला येत नाही. मुक्तालाही ते दिसावं, एवढीच माझी इच्छा होती.

त्यानं शर्टाचं बटन चाचपलं. मग म्हणाला, "भाऊ, मले माईत नाही."

मी बसणार तोच मुक्ता उठली.

"मावसाजी, कोनालेच माईत नाही काय?"

"नाही बेटा. आजून कोनालेच नाही."

मी तिच्याकडे पाहिलं. तिचा चेहरा असा उजळला होता की लहानपणी मी यात्रेतून फुगा आणला तरी तसा कधी उजळला नव्हता. त्या क्षणी मला कळलं, पोरगी गेली. माझ्या पंचवीसेक वर्षांच्या नोकरीत ‘मला माहीत नाही’ हे तीन शब्द मी वर्गात एकदाही म्हटले नव्हते, आणि त्याच शब्दांनी हा माणूस माझी लेक घेऊन गेला.

जुलैत ती बेंगळुरूला गेली. पुढच्याच शनिवारी दार वाजलं, तर साडू. स्कूटर ढकलतच आणलेली. काही काम नव्हतं. शनिवार होता, म्हणून आला. मग दर शनिवारी यायला लागला. बसायचा, चहा घ्यायचा, प्रश्नाचं नावही काढायचा नाही. मुक्ता ज्या खुर्चीवर बसून अभ्यास करायची तिच्याकडे बघायचा. एकदा म्हणाला, घर कसं सुनं झालं, करमत नाही भाऊ. कोणाचं घर, ते त्यानं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही.

मुक्ताचा फोन मला येतो. दर रविवारी, न चुकता. मेसची डाळ, हॉस्टेलचं पाणी, आणि मग, बाबा, एक गणित अडलंय, सोडवून द्या न. ती मलाच विचारते. सुरुवातीला मला केवढा आनंद झाला म्हणून सांगू! अखेर मी जिंकलो होतो. मावसाजीची आठवण ती गेल्या कितीतरी रविवारांत काढलेली नाही. तरुण पोरगी, नवं गाव, तिला कुठून वेळ.

परवाच्या शनिवारी तो उठता उठता थांबला. चप्पल पायात चढवायला वेळ लावत म्हणाला, "मुक्ताचा फोन आलता काय?"

"आलता न," मी म्हटलं. "सारा वेळ तुमचंच सांगून राहिली होती."

जगातल्या प्रत्येक मोजमापावर शंका घेणारा हा माणूस. माझ्या या वाक्यावर त्यानं कसलीच शंका घेतली नाही. पायातली चप्पल काढली आणि परत खुर्चीवर येऊन बसला.

"काय म्हने?" त्यानं विचारलं.

आणि मी सांगत राहिलो.