वर आता कोणी राहत नाही

अमर राण्यांवर माझा लहानपणापासून जीव. भोरच्या जुन्या वाचनालयात मागच्या कपाटात व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या इंग्रजी कादंबऱ्या होत्या, पुठ्ठे सुटलेल्या, कडेनं वाळवीनं चाखलेल्या. शाळेत असताना मी त्या डिक्शनरी मांडीवर घेऊन वाचून काढल्या. सगळ्यांची गोष्ट एकच. कुणीतरी मरता मरता नकाशा देतो, एक गोरा साहेब बंदूक घेऊन निघतो, आणि डोंगराच्या पोटात त्याला हरवलेलं शहर सापडतं. तिथली राणी दोन हजार वर्षांची, पण दिसायला विशीतली. प्रजा काळीसावळी, राणी मात्र दुधासारखी गोरी. आणि इतकी वर्षं ती वाट कुणाची बघत असते? साहेबाची! मला तेव्हा यात काडीचंही खटकलं नाही. गच्चीवरून दिसणाऱ्या डोंगरांकडे बघून मी मैत्रिणींना सांगायची, यांच्या पलीकडे पण एखादी राणी असणारच.

असणारच काय, निघाली. लग्न झालं आणि हिर्डोशीच्या वरच्या अंगाला, ST जिथं सोडते तिथून तासभर चढून जावं लागणाऱ्या वाडीत ती मला भेटली. माझी सासू.

शाळेत इंग्रजी शिकवून मी निवृत्त झाले आणि पुण्याच्या एका प्रकाशकाचा फोन आला. "मॅडम, मुलांसाठी जुन्या साहसकथा काढतोय. हरवलेलं शहर, अमर राणी, असलं काहीतरी सुटसुटीत मराठीत करून द्या ना." मी हुरळले. आता मला सवय अशी, की लिहिलेलं मोठ्यानं वाचून बघितल्याशिवाय चैन पडत नाही. घरात दुपारी ऐकायला एकच माणूस होतं, आणि ते पळून जाऊ शकत नव्हतं. श्रावणात सासूबाई शेताच्या बांधावरून घसरल्या, खुब्याचं हाड मोडलं. पुण्याला ऑपरेशन झालं आणि तिथून त्यांना थेट आमच्या भोरच्या दुसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये आणलं. वॉकर घेऊन त्या हॉलपर्यंत यायच्या, खिडकीतून समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी बघायच्या आणि परत जायच्या.

"राणी दोन हजार वर्षांची आहे," मी पहिल्या दुपारी वाचलं.

"दात हायत का?"

"आहेत. मोत्यासारखे."

"बरं. आनि गोरी कशापायी?"

"गुहेत राहते आई, ऊन लागत नाही."

"मंग मुडदूस झाला असंल. फुडं वाच."

पुढं वाचायची सोय कुठं होती! राणीला पाणी कोण भरून देतं, हे आधी सांगायला हवं होतं. म्हटलं, दासी. दासी पण अमर का? नाही, त्या मरत असणार. सासूबाईंनी हिशेब केला. "म्हंजी दोन हजार वर्सं दर खेपेला नवीन बाई शिकवायची. घागर हितं ठिव, राख हितं टाक. म्हनून डोकं फिरलंय तिचं. पिरेम-बिरेम काय न्हाई त्ये."

साहेबाच्या पराक्रमाचं प्रकरण मी मोठ्या आवेशानं वाचायला घेतलं. साहेबाला पकडून बळी देणार, तेवढ्यात तो वहीत टिपलेली ग्रहणाची वेळ बघून ओरडतो, मला हात लावाल तर सूर्य काळा करीन! आणि होतो की सूर्य काळा. सगळं राज्य साहेबाच्या पायावर. सासूबाई इतक्या हसल्या की खुब्यात कळ आली. "अगं, गिराण कदी हाय ते पंचांगात असतंय. आमी आदल्या दिशीच पानी भरून ठिवतो, गरवार बाईला इळीला हात लावू देत न्हाई. येवढ्या मोठ्या राज्यात एक भटजी न्हवता व्हय?"

इंग्रजी साहित्यावरचं माझं सगळं शिक्षण एका भटजीनं बाद केलं.

मग हमाल निघाले. साहेबाचं सामान वाहणारे चाळीस हमाल, एकालाही नाव नाही. "त्यांच्या आयांनी ठिवली न्हाईत, का तुज्या पुस्तकवाल्यानं?" सासूबाईंनी विचारलं. दुसऱ्या दिवशी गुपचूप सहा हमालांना वाडीतल्या माणसांची नावं देऊन टाकली. त्यातल्या एकाला लगेच पुढच्या प्रकरणात मगरीनं खाल्लं आणि सासूबाई दिवसभर माझ्याशी बोलल्या नाहीत. तो त्यांचा चुलतदीर होता.

एका दुपारी मात्र मला ठसका लागला. मी वाचत होते, साहेब आता अशा मुलखात शिरला, जिथं शेकडो वर्षांत कोणी राहत नव्हतं. एका अरुंद पायवाटेनं तो चढू लागला.

"थांब," सासूबाई म्हणाल्या. "कोनी ऱ्हात न्हवतं, मंग पायवाट कशी? पाय कुनाचे?"

आता ठसका का लागला ते सांगते. आमच्याकडे आल्यापासून त्या रोज एकच विचारायच्या, "कदी जायाचं वर?" आधी आम्ही म्हणालो, टाके निघू देत. मग म्हणालो, पाऊस उघडू दे. पाऊसही उघडला, तेव्हा माझा नवरा, म्हणजे त्यांचा एकुलता एक मुलगा, त्यांच्या पलंगावर बसून म्हणाला, "आई, वर आता कोणी राहत नाही. शेजारची मावशी पण लेकाकडं पुण्याला गेली. सगळी घरं बंद." मी मागे उभी होते. गप्प राहावं की नाही? मी आपली फोडणी घातली, "ST पण बंद झालीय म्हणे."

डोंबल बंद! ST दिवसातून दोनदा जात होती. वाडीत अकरा घरांत चूल पेटत होती. शेजारची मावशी पुण्याला गेली नव्हती, ती आमचं अंगण झाडत होती. खरं कारण एवढंच, की सासूबाई वर राहिल्या तर त्यांच्याजवळ कुणीतरी जाऊन राहायला हवं, आणि कुणीतरी म्हणजे मी. माझे गुडघे, माझी निवृत्ती, माझं पुस्तक! त्या दिवसापासून "कदी जायाचं" हे विचारणंच बंद झालं. आम्हाला वाटलं, चला, पटलं एकदाचं.

शेवटच्या प्रकरणात ठरल्याप्रमाणे डोंगर कोसळतो आणि राणी गडप होते. साहेब तेवढा जिवानिशी सुटतो, घरी पोचतो आणि शेकोटीपुढं बसून लिहितो, तिथं आता कोणीही राहत नाही. ते वाक्य मी फार जीव लावून मराठीत आणलं होतं. वाचलं आणि वही मिटली.

"कोन म्हनतं असं?"

"साहेब."

"परत गेलता का त्यो बगायला?"

"नाही."

"मंग पानी आननाऱ्या बाया कुठं गेल्या? त्यांची पोरं? समदी गाडली?"

"लिहिलेलं नाही, आई."

"आपून बाहीर पडलो म्हंजी गाव वसाड," सासूबाई म्हणाल्या. "लई सोपं हाय की." कूस बदलता येत नव्हती, म्हणून त्यांनी नुसतं तोंड भिंतीकडे फिरवलं.

मला शरम वाटली. आणि शरम वाटली की मला राग येतो, ही माझी जुनी खोड. "मुलांचं पुस्तक आहे ते!" असं फटकन म्हणून मी उठून गेले.

दोन दिवसांनी दुपारी बेल वाजली. दार उघडलं, तर पुण्याला गेलेली मावशी दारात. हातात नाचणीची पिशवी, पदरानं घाम पुसत. "लई पायऱ्या बाई तुमच्याकडं," म्हणाली आणि मला बाजूला सारून आत गेली. तिला बघून सासूबाई दचकल्या नाहीत, रडल्या नाहीत, काही नाही. "आलीस? बस," एवढंच.

मावशी बोलायला लागली. "तुमचं भात काडून झोडून ठिवलंय. पेंढा रचलाय. चुलीम्होरं मांजर व्यालीय, तीन पिल्लं हायत. आनि घरात कोन नसलं की फोनवर बोलतोच आपून, परवा नाचनी आन म्हनलात, ती आनलीय."

फोनवर. उशाशी त्यांचा बटणांचा मोबाईल पडलेला असायचा. आम्हाला वाटायचं, म्हातारी त्यावर भजनं ऐकते. म्हणजे आम्ही थाप मारली त्याच आठवड्यात त्यांना सगळं कळलं होतं. वर कुणाच्या घरी काय शिजतं, हेसुद्धा त्यांना ठाऊक होतं. आणि त्या रोज दुपारी माझ्यासमोर पडून माझ्या साहेबाला विचारत होत्या, पाय कुनाचे? बाई गं, ते साहेबाला नव्हतंच!

मला तिथं उभं राहवेना. चहा टाकते म्हणून स्वयंपाकघरात पळाले. पण फ्लॅटच्या भिंती त्या, सगळं ऐकू येतं. मावशी विचारत होती, "करमतंय का हितं? दिसभर कोन कोन असतं जवळ?"

सासूबाई आवाज चढवून बोलल्या, शेतातून पलीकडच्या शेतात हाळी देतात तसा. "हितं? हितं कोनी ऱ्हात न्हाई गं."

आधणाला उकळी येऊन चहा उतू गेला तरी मी गॅस बंद केला नाही. मग उरलेला गाळला आणि बाहेर नेला. सासूबाईंनी एक घोट घेतला. "साखर इसरलीस, मास्तरीनबाई," म्हणाल्या.

संध्याकाळी नवरा कचेरीतून आला, बूट काढत होता. मी म्हटलं, "उद्या सकाळची जीप सांग, आईंना वर न्यायचंय. जीपच्या रस्त्यापासून वाडीतली माणसं खुर्चीत बसवून नेतील, मावशीनं ठरवलंय. माझीही बॅग भरून झालीय."

"अगं, काहीतरीच काय? वर आहे कोण आता?"

"अकरा घरं," मी म्हणाले. "बारावं उद्या उघडतंय."