डीकसेशन आणि बाळूचा डावा हात

यशवंत गेल्याचा निरोप माझ्या धाकट्या भावाने, बाळूने आणला. मी सकाळचा चहा घेऊन अंगणात बसलो होतो. तो भिसेगावाकडून चालत येताना दिसला, तेव्हा त्याचा डावा हात उजव्या खांद्यावर होता. रस्त्याने चालताना माणूस असा हात धरत नाही. काय ते मी समजलो. जवळ येऊन तो म्हणाला, "दादा, डाक्टर गेलं..." आणि ओट्यावर बसला. हात मात्र त्याने खांद्यावरून काढला नाही. त्या हाताची गोष्ट सांगायची म्हणून महिनाभर रोज कागद घेऊन बसतो आणि उठतो. यशवंत असता तर पहिल्याच ओळीला म्हणाला असता, "गण्या, शब्द नीट वापर हं, नाहीतर लिहूच नकोस." त्याच्या धाकाने मी आयुष्यभर नीट बोलत आलो, आता लिहितानाही तोच धाक आहे.

डॉ. यशवंत जाधव म्हणजे भिसेगावच्या कडेचा दोन खाटांचा दवाखाना, एवढीच ओळख कर्जतला पुरते. पण माझ्यासाठी तो शाळेतल्या बाकावरचा शेजारी. त्याचे वडील रेल्वेत गँगमन. त्याच्या घरच्यांनी धम्मदीक्षा घेतली त्या वर्षी तो मुंबईला डॉक्टरी शिकत होता, आणि मी मॅट्रिक होऊन कर्जत स्टेशनच्या केबिनमध्ये रुळांचे सांधे बदलायचे लिव्हर ओढायला लागलो होतो. सुट्टीत आला की घरी पिशवी टाकून थेट केबिनचा जिना चढायचा. बाहेरच्या माणसाने केबिनमध्ये येऊ नये असा नियम होता, पण यशवंत मला बाहेरचा कधी वाटलाच नाही. गाडी नसली की तो आपली शिकवणी सुरू करायचा, आणि मी मुकाट्याने ऐकायचो. मेंदू हा त्याचा वेडा विषय. मला तेव्हा मेंदू म्हणजे खाटकाच्या दुकानातला, तेवढाच ठाऊक.

अशाच एका सुट्टीत त्याने 'डीकसेशन' हा शब्द आणला, आणि मग वर्षानुवर्षं तो आमच्या बोलण्यातून गेला नाही. मेंदूची डावी बाजू उजवा हात हलवते आणि उजवी बाजू डावा. कारण, मेंदूचा देठ जिथे संपतो आणि मज्जारज्जू सुरू होतो, तिथे मानेच्या वरच्या अंगाला, हात-पाय हलवणारे बहुतेक तंतू डावीकडचे उजवीकडे आणि उजवीकडचे डावीकडे जातात. ते ओलांडणं म्हणजे डीकसेशन. रोमन लोक दहाचा आकडा फुलीसारखा काढत, त्या आकड्यावरून हे नाव पडलं. केबिनच्या फळीवर त्याने खडूने तो आकडा काढून दाखवला. मी म्हटलं, "म्हणजे फुलीच की." तर चिडला. "फुली आपण रद्द करायला मारतो. इथे काही रद्द होत नाही. निघालेलं सगळं पोचतं, पलीकडे पोचतं एवढंच." मेंदूचे दोन अर्धे जोडणाऱ्या धाग्यांना कोणी डीकसेशन म्हटलेलं त्याला खपत नसे. "तो आपला दोन फलाटांमधला पूल झाला. इकडचा तिकडच्याशी बोलतो, बस. डीकसेशन म्हणायला निघायचं एका बाजूने, ओलांडायचं, आणि खाली जाऊन काम करायचं दुसऱ्या बाजूला." मी एकदा चौक गावच्या नाक्यावर दोन रस्त्यांचं डीकसेशन झालंय असं गमतीने म्हटलं, तर साहेब तासभर माझ्याशी बोलले नाहीत. याला मराठीत काय म्हणायचं, असं विचारलं की तो म्हणे, "पुस्तकात व्यत्यास म्हणतात. शब्द बरा आहे. पण पेशंटच्या आईला व्यत्यास सांगून काय कळणार?" पुढे ती पेशंटची आई माझीच आई निघणार होती, हे आम्हा दोघांना कुठलं ठाऊक!

साठच्या दशकातली गोष्ट. यशवंतने मुंबईच्या मोठ्या इस्पितळात काही वर्षं शस्त्रक्रियेचं काम केलं आणि सगळ्यांनी वेड्यात काढलं तरी तो कर्जतला परत आला. आमचं मूळ घर खालापूरच्या अंगाला. पावसाळ्याच्या तोंडावर बाळू कौलं चाळायला छपरावर चढला आणि घसरून पडला. ओट्याची कड डोक्याला डावीकडे लागली, थोडं रक्त आलं, हळद दाबली, विषय संपला. भाताच्या लावणीत तो अधूनमधून डोकं धरून बांधावर बसायचा. आईला वाटलं, उन्हाचा त्रास. मग श्रावणात एका सकाळी त्याच्या डाव्या हातातून भाकरी गळून पडली. डावा पाय फरपटायला लागला, हाक मारली की नुसता हुं करायचा. आईने डाव्या दंडाला गंडा बांधला, डोक्याच्या डाव्या बाजूला लेप घातला. मला निरोप मिळाला तेव्हा त्याला टेंपोत घालून कर्जतला यशवंतच्या दवाखान्यात आणलं होतं. मुंबईला न्यावं, तर नेरळच्या पुढे रुळांवर पाणी. घाटात दरड कोसळलेली, त्यामुळे पुण्याची वाट बंद. मी स्वतः रेल्वेचा माणूस, आणि भावाला घेऊन जायला मला एक गाडी मिळेना...

यशवंतने बाळूच्या डोळ्यांवर बॅटरी मारली, तळव्यांवर किल्ली ओढून पाहिली, आणि मला बाहेर पडवीत घेऊन आला. त्याचा चेहरा मी इतका उतरलेला कधी पाहिला नव्हता. "आत रक्त साचलंय. हळूहळू साचत गेलंय. कवटीला भोक पाडून ते काढलं नाही तर संध्याकाळपर्यंत हा राहणार नाही." मी विचारलं, "आणि भोक कुठे?" "उजवीकडे." मार डावीकडे, हात गेला डावा, आणि हा म्हणतो उजवीकडे! मला डीकसेशन पाठ होतं. खडूने काढलेली फुली आठवत होती. पण भावाचं डोकं समोर असताना पाठ केलेलं काही कामाला येत नाही. तो माझ्याकडे बघत होता. "डोकं डावीकडून आपटलं. मेंदू आत हलला आणि पलीकडची शीर तुटली. हात डावा गेला म्हणजे दाब उजवीकडे. आणि डोळ्याची बाहुली उजवी मोठी झालीय. बाहुलीची तार ओलांडत नाही, ती दाब असेल त्याच बाजूची मोठी होते. दोन्ही साक्षी उजवीकडे बोट दाखवतायत." मी विचारलं, "उलटं कधीच होत नाही?" तो खोटं बोलला असता तर मला बरं वाटलं असतं. तो म्हणाला, "होतं. मेंदू फार ढकलला गेला की देठाची पलीकडची बाजू आतल्या कडेवर चेपते, मग दाबाच्याच बाजूचा हात जातो. पण तेव्हा बाहुली सहसा खरं सांगते." "सहसा?" "सहसा."

आमचे चुलते खांबाला टेकून सगळं ऐकत होते. ते मला म्हणाले, "पानी उतरू दे. त्याचं काय आयकतोस तू?" त्या 'त्याचं'वर त्यांनी जो जोर दिला, तो यशवंतने ऐकला आणि मीही ऐकला. यशवंत खालच्या आवाजात एवढंच बोलला, "गण्या, तू हो म्हण, मी करतो. चुकलो तर या तालुक्यात मला दुसरा पेशंट मिळायचा नाही आणि तुला भाऊ. आता ठरव." मी हो म्हटलं. मग तो आईसमोर उकिडवा बसला आणि उजवीकडे भोक पाडायचं आहे हे त्याने तिला सांगितलं. आई तडकलीच. "आवो डाक्टर, जखम ह्या अंगाला हाय, हात बी ह्योच गेलाय, आन् तुमी त्या अंगाला भोक पाडनार? त्या अंगाला त्याला कायबी झाल्यालं नाय!" यशवंत म्हणाला, "आई, गण्या केबिनमध्ये दांडा ओढतो तेव्हा सांधा कुठे हलतो? रुळांच्या पलीकडे. सांधा अडला म्हणून सांधाच उकरायचा का? हा हात हलवणारा दांडा उजव्या अंगाला बसलाय." आई गप्प झाली. पटलं म्हणून गप्प झाली असं मी समजलो, आणि यशवंतनेही तेच धरलं.

तो हत्यारं उकळायला आत गेला. डोकं भादरायला स्टेशनाजवळचा दत्तू न्हावी आला होता. मी पाणी आणायला विहिरीवर गेलो. तेवढ्यात आईने दत्तूला डाव्या बाजूवर वस्तरा चालवायला लावला. तिने हे मुद्दाम खोडा घालायला केलं नाही. डॉक्टर बिचारा घाईत उलटं बोलून गेला, आपण आई म्हणून ते सरळ केलं पाहिजे, अशी तिची समजूत. इतके दिवस लेप जिथे घातला, गंडा ज्या अंगाला बांधला, तीच दुखण्याची बाजू हे तिच्या हातांना पक्कं ठाऊक होतं. मी घागर घेऊन आलो तोवर दवाखान्याच्या कंपाउंडरने बाळूला डोक्यापर्यंत पांढरी चादर घातली होती आणि चादरीच्या खिडकीतून डाव्या बाजूचा तासलेला, आयोडीन लावलेला तुकडा तेवढा दिसत होता. यशवंत हात वर धरून आला. जागा बधिर करायची सुई त्याच्या हातात, सुताराच्या गिरमिटासारखं ते हत्यार शेजारच्या ताटात. तो वाकला. मला डावं-उजवं काही सुचेना, मी डोक्याच्या मागे उभा होतो आणि तिथून सगळंच उलटं वाटत होतं... सुई कातडीला टेकणार, आणि तो थांबला. पागोळ्यांचा आवाज तेवढा येत होता. मग त्याने सुई ताटात ठेवली, धुतलेल्या हातांची पर्वा न करता चादर ओढून काढली, बाळूचा लुळा डावा हात मनगटाला धरून उचलला आणि छातीवरून नेऊन उजव्या खांद्यावर ठेवला. त्या खांद्यावरून बोटाने वर, कानाच्या वर, डोक्यापर्यंत रेघ ओढली. "दत्तू, ही बाजू." आवाज चढवला नाही त्याने. आईकडे बघितलंसुद्धा नाही. मग पुन्हा हात धुवायला गेला.

उजवीकडे भोक पडलं आणि इंजिनातल्या जुन्या तेलासारखं काळं, पातळ रक्त बाहेर आलं. यशवंतने तेव्हा पहिल्यांदा मोठा श्वास सोडला. पाऊस थांबता थांबता बाळूने डोळे उघडले, आणि थोड्या वेळाने डाव्या हाताचं एक बोट हललं. आई त्या बोटावर कपाळ ठेवून रडली. मग उठून यशवंतचे पाय धरायला गेली, तो मागे सरकला. "आई, तुमच्या हाताने चूक झाली नसती तर मला ही खूण सुचली नसती," असं म्हणून त्याने तिची लाज राखली. दोन्ही बाजू तासलेल्या आणि मधोमध केसांचा बांध, अशा थाटात बाळू गणपतीपर्यंत गावात हिंडत होता. यशवंतने त्याला एकच पथ्य सांगितलं. सकाळी उठलं की डावा हात उजव्या खांद्यावर ठेवायचा. ज्या दिवशी ठेवता येणार नाही, त्या दिवशी धावत यशवंतकडे यायचं. आणि स्वतः यशवंतने त्या दिवसापासून अंग गेलेला कुठलाही पेशंट आला की आधी त्याचा हात पलीकडच्या खांद्यावर ठेवल्याशिवाय दुसरं काही केलं नाही. नवे डॉक्टर हसायचे. तो म्हणायचा, "मला शब्द माहीत होता, तरी माझी सुई डावीकडे टेकत होती."

जाण्याआधी काही दिवस यशवंतलाच झटका आला. उजवं अंग गेलं आणि वाचाही गेली. शब्दांसाठी जन्मभर भांडलेला माणूस, आणि तोंडातून एक शब्द निघेना. मी आणि बाळू घरी भेटायला गेलो, तेव्हा सुमनवहिनी आणि त्यांची मुलगी त्याच्या उजव्या हाताला तेल चोळत होत्या, आणि तो डाव्या हाताने तेलाची वाटी दूर लोटत होता. रागाने डोळ्यांत पाणी आलं होतं. वहिनी रडकुंडीला येऊन म्हणाल्या, "काय हवंय तेच कळत नाही हो भाऊजी." मलाही कळलं नाही, कबूल करतो. बाळू मात्र पुढे झाला. त्याने यशवंतचा लुळा उजवा हात अलगद उचलला, छातीवरून नेला आणि डाव्या खांद्यावर ठेवला. मग त्याच्या डोक्याच्या डाव्या बाजूला तळवा टेकवून म्हणाला, "हितं ना डाक्टर? हितंच हाय. आमाला कळलं." यशवंत एकदम शांत झाला. इतका शांत की वहिनी घाबरल्या. त्याला कोणी बरं करावं असं त्याचं मागणं नव्हतं, दुखणं कुठे आहे ते कोणाला तरी कळावं एवढंच होतं, असं मला वाटतं. थोड्या वेळाने त्याने चांगला असलेला डावा हात उचलला, बाळूचं डोकं जवळ ओढलं आणि केसांतून बोट फिरवत उजव्या कानाच्या वर नेलं. तिथे एक खळगा आहे, अंगठा बसेल एवढा. बोट त्या खळग्यात थांबलं. तो हसला, अर्ध्याच चेहऱ्याने, पण हसला.

त्यानंतर तो फार दिवस राहिला नाही. भिसेगावात पांढऱ्या कपड्यांतल्या माणसांनी त्रिसरण म्हटलं, आणि न्यायची वेळ आली तेव्हा बाळूने उजवा खांदा दिला. तो शेवटपर्यंत त्याने बदलला नाही, मी दोनदा पुढे झालो तरी नाही. दवाखाना सध्या बंद आहे, किल्ली वहिनींकडे असते. बाळू अजूनही रोज सकाळी अंगणात उभा राहून डावा हात उजव्या खांद्यावर ठेवतो. पूर्वी ठेवायचा आणि लगेच कामाला लागायचा. आता तो हात तिथेच थोडा वेळ राहतो, मग सावकाश वर जातो आणि कानाच्या वरचा खळगा चाचपतो. काल मी विचारलं, "काय रे, दुखतंय का?" तर म्हणाला, "नाय दादा. हात उठला म्हंजी धावत त्यांच्याकडं जायाचं नाय, असं ठरल्यालं. आज बी उठला... पन जावंसं वाटतं."